दुसरा साक्षीदार

संशयिताची जबानी घ्यायला पोलीस त्याच्याच खोलीत गेले, तिथेच अर्धे काम बिघडले. १ ऑक्टोबर २००९ रोजी इंग्लंडमधल्या सरे परगण्याच्या पोलिसांनी टीव्हीवरचा लाडका निवेदक जिमी सॅव्हिल याला लैंगिक अत्याचाराच्या आरोपांबद्दल प्रश्न विचारले, पण ठाण्यात बोलावून नाही. स्टोक मँडविल हॉस्पिटलात त्याची स्वतःची जागा होती, तिथे ते गेले. या हॉस्पिटलसाठी सॅव्हिलने अफाट देणग्या जमवल्या होत्या, मणक्याच्या रुग्णांचे तिथले केंद्र त्याने जमवलेल्या पैशांवर नव्याने उभे राहिले होते. अशा ठिकाणी चौकशीला आलेले पोलीसच पाहुणे. ऐंशी ओलांडलेल्या सॅव्हिलने सगळे आरोप झटकून टाकले, आपण वर्तमानपत्रांना कसे कोर्टात खेचले ते ऐकवले आणि जाता जाता वकिलांचा धाकही घातला. त्याच महिन्यात क्राउन प्रॉसिक्युशन सर्व्हिस, म्हणजे तिथले सरकारी अभियोग खाते, फाइल मिटवून मोकळे झाले.

फाइलमध्ये चार तक्रारदार होत्या, तीन सरे पोलिसांकडच्या आणि एक शेजारच्या ससेक्स पोलिसांकडची. यांच्यापैकी कुणीही कोर्टात उभे राहायला तयार नाही, असे कारण नोंदवले गेले. ते खोटे नव्हते. फक्त त्या बायकांना एक गोष्ट कुणी सांगितलीच नव्हती, की हेच सांगणाऱ्या आणखी तिघी आहेत. प्रत्येकीला वाटत होते की एवढ्या मोठ्या माणसासमोर आपण एकट्याच. ॲलिसन लेव्हिट या ज्येष्ठ वकिलांनी पुढे सगळी कागदपत्रे पुन्हा तपासली. पोलिसांनी आणि सरकारी वकिलांनी वेगळी वाट धरली असती तर चारांपैकी तीन बाबतींत खटला उभा राहू शकला असता, असा त्यांचा निष्कर्ष जानेवारी २०१३ मध्ये बाहेर आला. तोवर सॅव्हिल मरून सव्वा वर्ष होत आले होते.

सरे पोलिसांच्या हातून निसटलेली ही गोष्ट त्याच दलात अकरा वर्षे नोकरी केलेल्या एका माजी डिटेक्टिव्हने टेलिव्हिजनवर आणली. मार्क विल्यम्स-थॉमस हे त्यांचे नाव. पोलीस, नंतर बालसंरक्षणाचे सल्लागार, नंतर वाहिन्यांवरचे भाष्यकार आणि शेवटी स्वतःच माहितीपट करणारे, असा त्यांचा प्रवास. या माणसाचे मोठेपण फुगवून सांगण्याचा माझा इरादा नाही. त्यांनी वापरलेली पद्धत पोलिसी पाठ्यपुस्तकातली, अगदी साधी होती. ती पोलिसांनी का वापरली नाही, हे कोडे मात्र मोठे आहे, आणि ते समजून घ्यायला १९८०च्या दशकापर्यंत मागे जावे लागते.

विल्यम्स-थॉमस पोलिसात दाखल झाले १९८९ मध्ये. त्याच्या दोनच वर्षे आधी ईशान्य इंग्लंडमधल्या क्लीव्हलँड परगण्यात दोन बालरोगतज्ज्ञांनी काही महिन्यांत १२१ मुलांवर लैंगिक अत्याचार झाल्याचे निदान केले होते. मुलांना आईबापांपासून तोडून हॉस्पिटलात ठेवले गेले. वॉर्ड भरून गेले, आईबाप रस्त्यावर आले, डॉक्टर आणि पोलिसांचे वैद्यकीय तज्ज्ञ उघडपणे भांडू लागले, आणि शेवटी कोर्टांनी बहुतेक मुले घरी परत पाठवली. या प्रकरणाची चौकशी न्यायमूर्ती एलिझाबेथ बटलर-स्लॉस यांनी केली. त्यांच्या १९८८च्या अहवालाने कुणालाच सोडले नाही. मुलांना तेच तेच पुन्हा विचारू नका, प्रश्नातून उत्तर पुरवू नका, पोलीस आणि समाजसेवा खात्याने एकमेकांच्या पाठीमागे काम न करता एकत्र करावे, असे त्यात होते. १९८९चा चिल्ड्रन ॲक्ट आला. १९९२ मध्ये मुलांची जबानी व्हिडिओवर कशी नोंदवावी याची नियमावली आली. सरे पोलिसांत हा तरुण डिटेक्टिव्ह काम शिकत होता तो या नव्या हवेत.

त्याआधीचा कायदा काय होता? शपथ न घेता दिलेल्या लहान मुलाच्या एकट्या साक्षीवर इंग्लंडमध्ये कुणालाच दोषी ठरवता येत नसे. तिला दुसऱ्या पुराव्याचा दुजोरा लागे. ही अट १९८८ मध्ये गेली. लैंगिक गुन्ह्यांत तर तक्रारदार प्रौढ असली, तरी नुसत्या तिच्या शब्दावर शिक्षा देणे धोक्याचे आहे, असा इशारा न्यायाधीशाने ज्यूरीला द्यायलाच हवा असे. ते बंधन १९९४च्या कायद्याने उठले. सॅव्हिलवर नोंदवलेला सर्वांत जुना गुन्हा १९५५चा आहे. म्हणजे त्याची उमेदीची सगळी वर्षे अशा कायद्याखाली गेली, ज्यात एकट्या मुलीच्या शब्दाला वजनच नव्हते. कायदा बदलला तरी सवय सुटली नाही. दुसरा साक्षीदार हवा ही अपेक्षा पोलिसांच्या डोक्यात राहिली, आणि तो शोधायला हवा ही जबाबदारी मात्र कुणी अंगावर घेतली नाही.

सरे पोलिसांत विल्यम्स-थॉमस यांनी गंभीर गुन्ह्यांचा तपास केला आणि फॅमिली लायझन ऑफिसर म्हणूनही काम केले. हे पद चमत्कारिक असते. ज्या घरात खून झाला आहे किंवा मूल हरवले आहे, त्या घरी रोज जाऊन बसायचे, तपासाची खबर त्यांना द्यायची, त्यांच्या हाताला धरायचे, आणि त्याच वेळी घरातलाच कुणी गुन्हेगार नाही ना हेही डोळ्यांत तेल घालून पाहायचे. ऐकून घेणे आणि पारखणे एकाच बैठकीत करायचे. पॉप संगीताच्या दुनियेतला निर्माता जोनाथन किंग याच्यावरच्या बाललैंगिक अत्याचाराच्या आरोपांचा तपासही सरे पोलिसांचाच. २००१ मध्ये त्याला सात वर्षांची कैद झाली. प्रसिद्धीच्या झोतातला माणूस, त्याच्याभोवती घोटाळणारी मुले, अनेक वर्षे गप्प बसलेले प्रौढ, असा तो सगळा नमुना त्या दलाने जवळून पाहिला होता.

विल्यम्स-थॉमस यांनी नोकरी सोडली २००० मध्ये. ज्या वर्षी ते बाहेर पडले त्याच वर्षी जुलैमध्ये वेस्ट ससेक्समधून आठ वर्षांची सारा पेन नाहीशी झाली, नंतर तिचा मृतदेह सापडला. ‘न्यूज ऑफ द वर्ल्ड’ने लैंगिक गुन्हेगारांची नावे आणि फोटो छापायची मोहीम उघडली. पोर्ट्समथमधल्या पॉल्सग्रोव्ह वस्तीत जमावाने घरांवर चाल केली. पुढची काही वर्षे ब्रिटनच्या बातम्यांत बालसंरक्षण हा विषय कधी शमला नाही. २००२ मध्ये सोहॅम गावातल्या खून झालेल्या दोन मुली, २००७ मध्ये पोर्तुगालमधून नाहीशी झालेली मॅडलीन मॅकॅन. आणि नेमक्या याच काळात चोवीस तासांच्या वाहिन्यांना चेहरे हवे होते. तपास चालू असताना नोकरीतला अधिकारी बोलू शकत नाही. निवृत्त अधिकारी बोलू शकतो.

हा निवृत्त डिटेक्टिव्हचा धंदा मला फारसा आवडत नाही. तपासाचे कागद हातात नसताना, घटनास्थळापासून शेकडो मैलांवर स्टुडिओत बसून ‘या टप्प्यावर पोलीस काय करत असतील’ हे सांगायचे, म्हणजे बहुधा हवेत काठ्या मारणे. आपल्या वाहिन्यांवरचे माजी पोलीस महासंचालक आठवले की पुरे. विल्यम्स-थॉमस यांनीही या खुर्चीवर बरेच तास काढले. बर्मिंगहॅम सिटी विद्यापीठातून गुन्हेगारीशास्त्राची पदव्युत्तर पदवी घेतली, संस्थांना मुलांच्या सुरक्षिततेबद्दल सल्ला दिला, टीव्ही मालिकांना पोलिसी बारकावे पुरवले. २०११ सालच्या शेवटापर्यंत ते याच बऱ्यापैकी परिचित, पण बदलता येण्याजोग्या चेहऱ्यांपैकी एक होते.

आता सॅव्हिलबद्दल. मराठी वाचकाला त्याची प्रतिमा डोळ्यांसमोर आणणे कठीण आहे, कारण आपल्याकडे असा माणूस झालाच नाही. लीड्समध्ये १९२६ साली जन्म, नाचघरांतून रेकॉर्ड वाजवत वर आलेला. १ जानेवारी १९६४ रोजी बीबीसीवर ‘टॉप ऑफ द पॉप्स’ सुरू झाले तेव्हा पहिला कार्यक्रम सादर करणारा तोच. पांढुरके लांब केस, भडक ट्रॅकसूट, गळ्यात दागिने, तोंडात सिगार. १९७५ पासून १९९४ पर्यंत ‘जिम’ल फिक्स इट’ चालले. त्यात मुले आपली इच्छा पत्रात लिहून पाठवत आणि हा ती पडद्यावर पुरी करी. एका पिढीच्या ब्रिटिश मुलांनी त्याला पत्रे लिहिली आहेत. याखेरीज लीड्स जनरल इन्फर्मरीत १९६८ पासून तो स्वयंसेवक म्हणून हमाली करी, रुग्णांच्या गाड्या ढकली. ब्रॉडमूर या मनोरुग्ण गुन्हेगारांच्या कडेकोट हॉस्पिटलच्या कारभारावर सरकारने १९८८ मध्ये नेमलेल्या मंडळातही तो होता, आणि तिथल्या किल्ल्या त्याच्याकडे असत. १९९० मध्ये राणीने त्याला ‘सर’ केले, त्याच वर्षी पोपनेही सन्मान दिला. दान, देव आणि राजघराणे, तिन्ही बाजूंनी त्याची तटबंदी झाली होती.

आणि तरीही लोक कुजबुजत. १९६३ मध्ये चेशरमधल्या एकाने बलात्काराची तक्रार स्थानिक पोलिसाला सांगितली, तर ते विसरून जा असा सल्ला मिळाला. १९६४ मध्ये लंडन पोलिसांच्या एका नोंदवहीत त्याचे नाव आले. १९९८ मध्ये निनावी पत्र आले, २००३ मध्ये एका बाईने लंडनला तक्रार नोंदवली, २००७ मध्ये सरे, २००८ मध्ये ससेक्स. पोलिसांच्या कामाची तपासणी करणाऱ्या सरकारी निरीक्षकांनी मार्च २०१३ मध्ये हे सगळे तुकडे एका अहवालात मांडले. प्रत्येक तुकडा वेगळ्या कपाटात, वेगळ्या शहरात पडून होता. कुणी दडपले असे प्रत्येक वेळी म्हणता येत नाही. लीड्समधल्या त्याच्या फ्लॅटवर दर शुक्रवारी सकाळी काही मित्रमंडळी चहाला जमत, त्यांत पोलीसही असत, हे खरे. पण बहुतेक ठिकाणी दडपण्याचीही गरज पडली नाही. एकाचा कागद दुसऱ्याच्या कागदाशेजारी ठेवायचे कष्ट कुणी घेतले नाहीत, एवढ्यावरच काम भागले.

२९ ऑक्टोबर २०११ रोजी सॅव्हिल मेला. लीड्सच्या क्वीन्स हॉटेलात सोनेरी शवपेटी दर्शनासाठी ठेवली गेली, हजारो लोक रांगेत उभे राहिले. बीबीसीने नाताळात त्याच्यावर श्रद्धांजलीचे कार्यक्रम ठरवले.

त्याच बीबीसीच्या ‘न्यूजनाइट’ या कार्यक्रमाचे निर्माते मायरियन जोन्स वेगळ्याच कामाला लागले होते. सरे परगण्यात स्टेन्सजवळ डंक्रॉफ्ट नावाची मुलींसाठीची सुधारगृहवजा शाळा होती. हुशार पण वाट चुकलेल्या म्हणून पाठवलेल्या मुली तिथे राहत. तिची मुख्याध्यापिका जोन्स यांच्या जवळच्या नात्यातली, त्यामुळे लहानपणी त्यांचे तिथे जाणे होई, आणि सॅव्हिलची आलिशान गाडी त्यांनी तिथे स्वतः पाहिली होती. तिथल्या एका माजी विद्यार्थिनीने लिहिलेली आठवण जोन्स यांच्या हाती लागली. सॅव्हिल जिवंत असताना ती छापणे म्हणजे बदनामीच्या दाव्याला निमंत्रण. तो गेल्यावर आठवडाभरातच जोन्स आणि वार्ताहर लिझ मकीन कामाला लागले. बालसंरक्षणातले जाणकार म्हणून त्यांनी ज्यांना सल्ल्याला घेतले ते विल्यम्स-थॉमस.

डिसेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात बातमी थांबली. संपादक पीटर रिपन यांचे लक्ष एकाच मुद्द्यावर खिळले होते, की अभियोग खात्याने प्रकरण सॅव्हिलच्या म्हातारपणामुळे सोडले का? खात्याने कळवले की नाही, पुरावा अपुरा होता म्हणून. रिपन यांच्या लेखी बातमी तिथे संपली. ही तर्काची घसरण मला आजही अचंबित करते. पोलिसांना पुरावा पुरला नाही ही गोष्ट बातमीदाराला थांबवणारी नव्हतीच. मकीन यांच्या समोर बसून कॅमेऱ्यावर बोललेली डंक्रॉफ्टची माजी विद्यार्थिनी पुरावाच होती. बीबीसीच्या वृत्तविभागाच्या प्रमुख हेलन बोडन यांनी एका पुरस्कार सोहळ्याच्या जेवणात जॉर्ज एंटव्हिसल यांच्या कानावर हे घातले. एंटव्हिसल तेव्हा टीव्ही विभागाचे प्रमुख, नाताळचे कार्यक्रम त्यांच्या अखत्यारीत. संभाषण काही सेकंदांचे झाले. त्यांनी पुढे काहीही विचारले नाही. श्रद्धांजलीचे कार्यक्रम ठरल्याप्रमाणे दाखवले गेले.

विल्यम्स-थॉमस ही बातमी घेऊन बीबीसीच्या प्रतिस्पर्ध्याकडे, आयटीव्हीकडे गेले. पुढचे बरेच महिने त्यांनी जे केले ते गुन्हे शाखेतल्या कुठल्याही हवालदाराला ओळखीचे वाटेल. डंक्रॉफ्टच्या बायकांपाशीच थांबले असते तर एक उघड आक्षेप आला असता, की या एकाच शाळेतल्या, एकमेकींना ओळखणाऱ्या, सगळ्यांनी मिळून रचले असेल. म्हणून डंक्रॉफ्टशी काहीही संबंध नसलेल्या बायका शोधायच्या. कुणी बीबीसीच्या स्टुडिओत आलेली, कुणी हॉस्पिटलात भेटलेली. प्रत्येकीशी स्वतंत्रपणे बोलायचे, दुसरीने काय सांगितले याचा वासही लागू द्यायचा नाही. मग सगळ्या जबान्या शेजारी ठेवून पाहायचे. ती गाडी, ती ड्रेसिंगरूम, ओळख करून घेण्याची तीच रीत, कुणाला सांगितलेस तर कुणी विश्वास ठेवणार नाही हाच धाक. तारखा आणि जागा जुन्या नोंदींशी ताडून पाहायच्या. क्लीव्हलँडनंतरच्या पोलिसांना शिकवलेली सगळी पथ्ये इथे कामाला आली. उत्तर पुरवू नकोस, घाई करू नकोस, रडली म्हणून खरे आणि नाही रडली म्हणून खोटे असे मानू नकोस.

कायद्यानेही त्यांना एक सवलत दिली होती. इंग्लंडमध्ये मेलेल्याची अब्रुनुकसानी होत नाही. त्याचे नातेवाईक दावा लावू शकत नाहीत. आपल्याकडे तसे नाही. मृत माणसाबद्दलचे विधान त्याच्या जवळच्यांना दुखावण्याच्या हेतूने केलेले असेल, तर तो भारतीय दंडविधानाच्या ४९९ कलमाखाली गुन्हा होता आणि नव्या न्याय संहितेतही आहे. हा माहितीपट मुंबईत झाला असता तर पहिली धावपळ वकिलाकडे झाली असती.

‘एक्स्पोजर: दि अदर साइड ऑफ जिमी सॅव्हिल’ ३ ऑक्टोबर २०१२ रोजी रात्री दाखवला गेला. त्यातल्या बायका आता मध्यमवयीन होत्या. लैंगिक गुन्ह्यातल्या तक्रारदाराचे नाव आयुष्यभर गुप्त ठेवण्याचा हक्क इंग्लंडचा कायदा देतो. त्यातल्या काहींनी तो स्वतःहून सोडला आणि तोंड न लपवता बोलल्या. मुलांसाठी ‘चाइल्डलाइन’ ही दूरध्वनी सेवा १९८६ मध्ये सुरू करणाऱ्या एस्थर रॅन्टझन यांनाही या मुलाखती दाखवल्या होत्या. त्या बीबीसीत सॅव्हिलच्या सहकारी होत्या. आपण सगळ्यांनी कान झाकून घेतले होते, अशा अर्थाची कबुली त्यांनी कॅमेऱ्यासमोर दिली. पडद्यावरच्या त्यांच्या चेहऱ्याने बीबीसीचे जेवढे नुकसान केले तेवढे पुढच्या अहवालांनीही केले नसेल.

मग बांध फुटला. काही दिवसांतच लंडनच्या मेट्रोपॉलिटन पोलिसांनी ‘ऑपरेशन यूट्री’ सुरू केले. स्कार्बरोच्या दफनभूमीतला सॅव्हिलच्या थडग्यावरचा भला मोठा दगड कुटुंबीयांनी सप्ताहाच्या आतच रात्रीत काढून नेला. तीन महिन्यांनी, ११ जानेवारी २०१३ रोजी, पोलिसांनी आणि मुलांसाठी काम करणाऱ्या एनएसपीसीसी या संस्थेने मिळून काढलेल्या अहवालात आकडे आले. एकट्या सॅव्हिलबद्दल सांगायला सुमारे ४५० माणसे पुढे आली होती. २८ पोलीस दलांच्या हद्दीत २१४ गुन्हे नोंदले गेले, सर्वांत जुना १९५५चा, सर्वांत अलीकडचा २००९चा. तीन चतुर्थांशाच्या आसपास पीडित अठरा वर्षांखालचे. लीड्स इन्फर्मरीच्या २०१४च्या अहवालात ६० माणसे सापडली, वय पाचपासून पंचाहत्तरपर्यंत. स्टोक मँडविलच्या २०१५च्या अहवालातही ६०. डेम जॅनेट स्मिथ यांच्या २०१६च्या अहवालात बीबीसीशी जोडलेल्या ७२ पीडितांची नोंद झाली.

या आकड्यांच्या मागे एक तपशील आहे, तो मला जास्त बोचतो. सॅव्हिल वॉर्डात यायचा तेव्हा नर्स आम्हाला सांगत, झोपल्याचे सोंग करा, असे एका माजी रुग्णाने माहितीपटानंतर सांगितले. म्हणजे नर्सना कळत होते. मुलांना वाचवायची त्यांची धडपडही होती. पण त्या धडपडीचा मार्ग मुलांकडे जात होता, पोलिसांकडे नाही.

इथवरची गोष्ट सरळ वाटते. महिनाभरातच ती वाकडी झाली. सॅव्हिलची बातमी सोडून तोंड पोळलेल्या ‘न्यूजनाइट’ने २ नोव्हेंबर २०१२ रोजी उत्तर वेल्समधल्या बालगृहातल्या अत्याचारांची बातमी दाखवली. एका माजी रहिवाशाच्या सांगण्यावरून थॅचरकाळातल्या एका बड्या हुजूर नेत्याकडे बोट दाखवले, नाव न घेता. नाव इंटरनेटवर पसरले, लॉर्ड मॅकअल्पाइन. आठवडाभराने त्या पीडित माणसाला मॅकअल्पाइन यांचे छायाचित्र दाखवण्यात आले आणि त्याने सांगितले, हा तो नव्हे. कार्यक्रमाआधी फोटो दाखवून ओळख पटवण्याची साधी गोष्ट कुणी केली नव्हती. बीबीसीने १,८५,००० पौंड भरपाई दिली. एंटव्हिसल तोवर बीबीसीचे महासंचालक झाले होते. त्यांना ५४ दिवसांत राजीनामा द्यावा लागला. ज्या कार्यक्रमाने पुरावा असलेली बातमी अडवली, त्यानेच वर्षभराच्या आत पुरावा नसलेली सोडली.

पोलिसांचेही तसेच झाले. इतकी वर्षे विश्वास ठेवला नाही म्हणून आता जो सांगेल त्यावर ठेवायचा, असा उलटा झोका गेला. कार्ल बीच नावाच्या माणसाने वेस्टमिन्स्टरमधल्या बड्या लोकांवर बालहत्येपर्यंतचे आरोप केले. त्यांचा तपास करणाऱ्या ‘ऑपरेशन मिडलंड’च्या एका वरिष्ठ अधिकाऱ्याने २०१४ मध्ये पत्रकारांसमोर ते खरे असल्याचे सांगूनही टाकले. सगळे थोतांड निघाले. न्यायमूर्ती रिचर्ड हेन्रीक्स यांनी त्या तपासातल्या ४३ चुका दाखवल्या आणि २०१९ मध्ये बीचला १८ वर्षांची शिक्षा झाली. गायक क्लिफ रिचर्ड यांच्या घरावरचा छापा बीबीसीने हेलिकॉप्टरमधून थेट दाखवला होता. त्यांच्यावर कधीच आरोपपत्र आले नाही, आणि २०१८ मध्ये त्यांनी बीबीसीविरुद्धचा दावा जिंकला. सॅव्हिलच्या नावावर चालू झालेल्या गाडीने काही खऱ्या गुन्हेगारांना, प्रसिद्धी-दलाल मॅक्स क्लिफर्ड, चित्रकार-गायक रॉल्फ हॅरिस, गायक गॅरी ग्लिटर यांना, तुरुंगात पोचवले हे नाकारायचे कारण नाही. पण ‘विश्वास ठेवा’ म्हणजे ‘पडताळू नका’ असा अर्थ लावला की बीचसारख्यांचे फावते, आणि त्याची किंमत पुढची खरी तक्रारदार मोजते.

आणखी एक आक्षेप मी इथे नोंदवतो, कारण तो विल्यम्स-थॉमस यांच्या कामालाही लागू होतो. मेलेल्या माणसावर टेलिव्हिजनवर चालवलेल्या खटल्यात उलटतपासणी नसते. माहितीपटाने काही पथ्ये पाळली, पण त्या पथ्यांची हमी फक्त करणाऱ्याच्या प्रामाणिकपणावर असते. हाच प्रकार २००९ मध्ये कोर्टात गेला असता तर सॅव्हिलचा वकील त्या बायकांना फाडून काढायला उभा राहिला असता, हेही खरेच. आणि त्यानंतर कदाचित निकाल लागला असता, जो ‘एक्स्पोजर’ देऊ शकत नाही. माहितीपटाला अमेरिकेतला पीबडी पुरस्कार मिळाला. विल्यम्स-थॉमस यांनी त्यानंतर ऑस्कर पिस्टोरियसची मुलाखत घेतली, ‘दि इन्व्हेस्टिगेटर’ ही गुन्हेशोधाची मालिका केली, आजही ते पडद्यावर दिसतात. सॅव्हिलच्या तोडीचे काम त्यांच्याही हातून पुन्हा झाले नाही.

या गोष्टीचा एक धागा मुंबईलाही येऊन मिळतो. कुलाबा परिसरातल्या ‘अँकरेज’ या रस्त्यावरच्या मुलांच्या आश्रयगृहांत डंकन ग्रँट आणि ॲलन वॉटर्स या दोन ब्रिटिशांनी मुलांवर अत्याचार केल्याचे २००१ मध्ये उघड झाले. इथेही दानधर्माची तीच तटबंदी. २००६ मध्ये सत्र न्यायालयाने शिक्षा दिली, २००८ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने दोघांना सोडले, आणि मार्च २०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या रस्त्यावरच्या मुलांच्या साक्षी ग्राह्य धरून शिक्षा पुन्हा कायम केली. अपिलात उभी होती चाइल्डलाइन इंडिया फाउंडेशन, १९९६ मध्ये मुंबईत १०९८ हा क्रमांक सुरू करणाऱ्या त्याच चळवळीची संस्था. म्हणजे सॅव्हिल लीड्समध्ये शेवटचे महिने मोजत होता, तेव्हा दिल्लीत एक प्रश्न सुटला होता, की ज्यांच्या मागे कुणीच नाही अशा मुलांचा शब्द कोर्टात किती चालतो.

त्यानंतर दीड वर्षाहून थोड्या अधिक काळाने, १४ नोव्हेंबर २०१२ रोजी, बाललैंगिक अत्याचार प्रतिबंधक कायदा म्हणजे पॉक्सो भारतात लागू झाला. लंडनमध्ये तेव्हा एंटव्हिसल यांच्या राजीनाम्याला चारच दिवस झाले होते. पॉक्सोच्या १९व्या कलमानुसार मुलावर असा गुन्हा झाल्याचे ज्याला कळते, त्या कुणीही पोलिसांना कळवलेच पाहिजे, आणि न कळवल्यास २१व्या कलमाखाली सहा महिन्यांपर्यंत कैद आहे. आपल्याकडे हे कलम कितपत पाळले जाते हा वेगळा लेख होईल. काही डॉक्टर आणि समाजसेवक त्याच्या सक्तीबद्दल तक्रारही करतात, आणि त्या तक्रारीत तथ्य आहे, कारण सक्तीच्या भीतीने काही मुली डॉक्टरकडे येतच नाहीत.

ब्रिटनमध्ये अशी सक्ती नव्हती. स्टोक मँडविलमध्ये १९७७ साली एका मुलीच्या वडिलांनी सॅव्हिलविरुद्ध रीतसर तक्रार केली होती. ती हॉस्पिटलबाहेर गेली नाही. बाललैंगिक अत्याचारांची राष्ट्रीय चौकशी सात वर्षे चालली, तिच्या शेवटच्या अध्यक्ष प्रा. ॲलेक्सिस जे. ऑक्टोबर २०२२च्या तिच्या अंतिम अहवालात मुलांवरचा अत्याचार कळवणे सक्तीचे करा, अशी शिफारस आली. ब्रिटिश सरकारने तसे कलम विधेयकात घातले ते फेब्रुवारी २०२५ मध्ये. त्याच्या मूळ मसुद्यात कळवणाऱ्याला अडवले तर गुन्हा होता, स्वतः कळवले नाही तर तुरुंग नव्हता.